नावाड्याच्या फळीवरचा कुकर

जपानमधल्या ओजिमा इथल्या सरकारी वसाहतीच्या सहा नंबरच्या इमारतीत, अकराव्या मजल्यावरच्या सामायिक गॅलरीत, २००४ सालच्या एप्रिल महिन्यातल्या पहिल्या बुधवारी सकाळी पांढरी भुकटी आढळली. भुकटी सांडलेली नव्हती, मांडलेली होती, आणि हीच तक्रारीची मूळ बाब होती. सांडलेल्या वस्तूंसाठी वसाहतीच्या नियमावलीत कलम होतं, मांडलेल्या वस्तूंसाठी नव्हतं. त्यामुळे तीन जणांची समिती नेमण्यात आली.

समिती दुसऱ्या दिवशी फूटपट्टी घेऊन आली. मैथिली दारात उभी राहिली, ओढणीला हात पुसत. समितीनं ठिपके मोजले. आडवे अकरा, उभे अकरा. मग दोन ठिपक्यांमधलं अंतर मोजलं. सगळीकडे अठरा मिलिमीटर. अध्यक्षांनी दातांतून हवा आत ओढली. त्या देशात असा आवाज आला की प्रकरण गंभीर आहे असं समजायचं.

"हे कुठल्या यंत्रानं केलं?"

"हातानं."

"यंत्राशिवाय?"

मैथिलीनं उजव्या हाताची चिमूट पुढे केली. अंगठा आणि तर्जनी अजून पांढरी होती. समितीनं चिमटीचा फोटो काढला.

निर्णय तिथल्या तिथे झाला. भुकटी दगडाची असल्यानं ती न जळणाऱ्या कचऱ्यात मोडते. न जळणारा कचरा महिन्याच्या फक्त दुसऱ्या आणि चौथ्या बुधवारी बाहेर ठेवता येतो. सबब रांगोळीही त्याच दिवशी, सकाळी आठच्या आत काढावी.

समितीचे तिसरे सभासद शेजारच्याच घरात राहत. ओकामुरा त्यांचं नाव. पाळी आली म्हणून समितीवर आलेले, हडकुळे, नखांत शाई. ते सगळा वेळ जमिनीकडे वाकलेले होते. अध्यक्षांना वाटलं, पाठीत उसण भरली. बाकीचे दोघे गेल्यावर ते सरळ झाले आणि म्हणाले, "मैथिली-सान, उरलेल्या बुधवारी तुमचा हात काय करतो?"

ओकामुरा-सेन्सेई, म्हणजे ओकामुरा गुरुजी, चित्रकथा काढत. एका साप्ताहिकात दर आठवड्याला एकोणीस पानं. त्यांची मालिका सुमिदा नदीवरच्या गेन्झो नावाच्या म्हाताऱ्या नावाड्याची होती. लोक नावेत बसत, बोलत, पैलतीरी उतरून जात. गेन्झो ऐकून घेई आणि नाव परत वळवी, एवढंच. मालिका चांगली होती, आणि तिची मुख्य अडचण हीच होती.

मैथिली त्यांच्या स्टुडिओत कामावर रुजू झाली. नवऱ्याच्या व्हिसावर आलेल्या बायकोला आठवड्याला अठ्ठावीस तास काम करण्याची परवानगी मिळते. तेवढ्या तासांत कलावंत व्हायचं होतं. त्याचा मार्ग आखलेला होता. पहिलं वर्ष खोडरबर, म्हणजे शाईखालच्या पेन्सिलीच्या रेघा पुसणे. दुसरं वर्ष काळी जागा भरणे. तिसऱ्या वर्षी झाडांची पानं, पाचव्या वर्षी छपरं. सातव्या वर्षी माणूस, पण पाठमोरा. चेहरा फक्त सेन्सेईंचा. शेजारच्या टेबलावरचे मियाके-सान सतरा वर्षं छपरं काढत होते. चोविसाव्या वर्षी त्यांना नवोदितांच्या स्पर्धेत उत्तेजनार्थ बक्षीस मिळालं होतं. आता एक्केचाळीस. नवोदितांमध्ये ते सर्वांत ज्येष्ठ होते.

"तुम्हाला कंटाळा नाही येत, मियाके-सान?"

"माणसं वाचकांना नकोशी होतात," मियाके-सान कौल मोजत म्हणाले. "छप्पर अजून कुणालाच नको झालेलं नाही."

मैथिलीचा हात मात्र रांगोळीवर घोटलेला. रेघ ओढताना ती हळूच गुणगुणायची:

ठिपक्याजवळ ठिपका, मधी वाट गं रेघेची
परक्याच्या अंगणात खूण माझिया घरची

तीन आठवड्यांत ती खोडरबरावरून भांड्यांवर आली. अशी बढती त्या स्टुडिओच्या इतिहासात झाली नव्हती.

एका दुपारी तिनं भीत भीत आपली स्वतःची गोष्ट सेन्सेईंपुढे ठेवली. एकतीस पानं. एक बाई रोज पहाटे जिन्यात रांगोळी काढते, आणि रोज कुणीतरी ती पुसून जातं. कोण, ते कधी दिसत नाही. एके दिवशी रांगोळी पुसली जात नाही. बाईच्या जिवाची घालमेल होते, आणि ती त्या पुसणाऱ्याला शोधायला निघते.

सेन्सेईंनी शेवटचं पान उलटलं. चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला.

"माझी मालिका पन्नास आठवडे टिकली की मी ही स्वतः संपादकांच्या हातात देईन. त्याआधी माझ्या शब्दाला तिथे वजन नाही."

मैथिलीनं त्या दिवसापासून आठवडे मोजायला घेतले. तो सातवा होता.

आठव्या आठवड्यात संपादक हिरानुमा-सान आले. साप्ताहिकाच्या प्रत्येक अंकात एक कार्ड असे. अंकातल्या सर्वांत आवडलेल्या तीन मालिकांचे क्रमांक, आवडलेली व्यक्तिरेखा आणि कारण लिहून वाचकानं ते पोस्टात टाकायचं. कार्डं मोजली जात, अठरा मालिकांची क्रमवारी लागे, आणि तळाच्या तीन गुंडाळल्या जात.

"सोळावा नंबर," हिरानुमा-सान म्हणाले. "गेन्झोकडे आणखी तीन आठवडे आहेत."

"तुम्हाला स्वतःला कशी वाटते मालिका?" सेन्सेईंनी विचारलं.

"मला?" हिरानुमा-सान गोंधळले. "मी संपादक आहे. मला काही वाटत नाही. वाचकांना वाटतं."

घरी येऊन मैथिलीनं नवऱ्याला सांगितलं. चारुदत्त कावासाकीच्या एका कंपनीत क्वालिटी बघायचा. माल कोणता, याच्याशी त्याला कर्तव्य नसे. प्रोसेस बरोबर हवी.

"अगं, सिंपल आहे. तुमचा इनपुट कमी पडतोय. इनपुट वाढवू."

"लोकांना गोष्ट आवडायला नको का?"

"तो नंतरचा फेज."

वाचून झालेले अंक लोक गाडीतल्या रॅकवर ठेवून जात. आतल्या कार्डांसाठी चारुदत्त रोज येता-जाता ते उचलू लागला. मग ओजिमातली तेवीस मराठी कुटुंबं कामाला लागली. नागोयाला गाड्यांच्या कारखान्यात असलेले सदानंद तिथल्या मंडळींची कार्डं गठ्ठ्यानं पाठवू लागले. जपानी वाचता कुणालाच धड येत नव्हतं, म्हणून चारुदत्तानं नमुना तयार करायला घेतला. त्यावर बघून सगळ्यांनी लिहायचं.

"आवडती व्यक्तिरेखा? इथे काय टाकू?" त्यानं अंक उलटासुलटा करून पाहिला. "यातलं तू काय काढलंयस?"

मैथिली लाजली. गेन्झोच्या झोपडीतल्या फळीवर तिनं बोट ठेवलं. फळी भांड्यांनी भर, एवढंच तिला सांगितलं होतं. हाताला जी ठाऊक ती भांडी त्यानं काढली. तीनशे वर्षांपूर्वीच्या मडक्यांच्या रांगेत, पाव इंच उंचीचा, एक प्रेशर कुकर बसला होता.

"अरे वा! हा तर आपलाच. हँडलला सुतळी गुंडाळलेली!" चारुदत्तानं लेकीला हाक मारली, "मिताली, कुकर जपानीत लिहून दे गं."

"मेंदोकुसाइ," म्हणजे कटकट, असं म्हणत नऊ वर्षांच्या मितालीनं लिहून दिलं.

"चारू, ती व्यक्तिरेखा नाहीये."

"मैथिली, रकाना रिकामा ठेवला तर कार्ड बाद होतं."

पुढल्या गुरुवारी हिरानुमा-सान धावतच आले. मालिका नवव्या क्रमांकावर होती.

"सेन्सेई, वाचकांना कुकर आवडलाय!"

"कुठला कुकर?"

भिंग आणवून शोध घेण्यात आला. कुकर सापडल्यावर सेन्सेईंनी मैथिलीकडे पाहिलं. मैथिली कमरेतून वाकली आणि वाकलेलीच राहिली.

"आकडे असे आहेत," हिरानुमा-सानांनी कागद वाचला. "कुकर, एकशे बासष्ट. गेन्झो, चार. सदानंद, एक."

नागोयाच्या सदानंदांनी चुकून त्या रकान्यात स्वतःचं नाव लिहिलं होतं.

"हे सदानंद कोण?" सेन्सेईंनी क्षीण आवाजात विचारलं.

"अजून आलेले नाहीत. पण वाचक वाट पाहताहेत."

अकराव्या आठवड्यात कुकर फळीवरून उतरून नावेत आला. तेराव्यात त्याची पहिली शिट्टी झाली. ती ऐकणाऱ्याला खोटं बोलता येईना. चौदाव्यात सदानंद नावाचा खलनायक आला आणि त्यानं कुकरची रबरी रिंग पळवली. दुसऱ्या शिट्टीनं शत्रूचे दात हलले. तिसरी कधी होणार, यावर शाळाशाळांतून पैजा लागल्या. आता कार्डं पाठवायला चारुदत्ताची गरज उरली नव्हती. खरेखुरे हजारो वाचक कुकरच लिहीत होते. तो मात्र पाठवतच होता. चालू असलेली प्रोसेस बंद करायला वेगळी मंजुरी लागते.

सतराव्या आठवड्यात हिरानुमा-सानांनी नावेच्या वजनाचा प्रश्न मांडला. कुकर, सदानंद आणि सात स्पर्धक भांडी असताना नावेत नावाडी बसवणं धोक्याचं होतं. वाचकांनी तसं कार्डावर लिहिलं होतं. दोघांनी.

त्या दिवशी सेन्सेईंनी गेन्झोला पैलतीरी उतरवलं. शेवटच्या चौकटीत तो पाठमोरा चालत गेला. ते पान खोडायला कुणी रबर हातात घेईना. शेवटी मियाके-सान उठले, दूर तीरावर एक लहानसं छप्पर काढून आले आणि म्हणाले, "रात्री कुठे जाईल तो?"

कुकर फक्त मैथिलीलाच काढता येई. त्यामुळे मियाके-सानांना सतरा वर्षांत न सरलेला मार्ग तिनं आठ महिन्यांत ओलांडला आणि ती मुख्य व्यक्तिरेखेची प्रमुख झाली. दिवसाला चाळीस कुकर. गुणगुणणं कधी थांबलं, ते तिला कळलं नाही.

पन्नासावा आठवडा उजाडला. सेन्सेई शब्दाला जागले. हिरानुमा-सानांनी एकतीस पानं वाचली, पानाला तीन सेकंद.

"अतिशय सुंदर. डोळ्यांत पाणी आलं," ते कोरडे डोळे टिपत म्हणाले. "कुकर कितव्या पानावर येतो?"

"येत नाही," मैथिली म्हणाली.

"छत्तिसाव्या पानावर येऊ शकेल?"

"गोष्ट एकतीस पानांची आहे."

"म्हणूनच विचारलं. जागा आहे."

मैथिलीनं पानं परत ओढून घेतली. "हिरानुमा-सान, माझ्या जिन्यात कुकर येणार नाही."

सेन्सेईंनी शांतपणे पेनाचं टोपण लावलं. "मैथिली-सानची गोष्ट छापली नाही, तर तिसरी शिट्टी होणार नाही."

हिरानुमा-सान पांढरेफटक पडले. गोष्ट पुढच्याच अंकात छापायचं ठरलं. एकदाच; मात्र कार्डांत ती पहिल्या दहांत आली, तर तिची मालिका होईल, आणि मुखपृष्ठावर नाव येईल मैथिलीचं.

ती घरी पळतच आली. "चारू, या वेळी खरी कार्डं हवीत. माझ्यासाठी."

"दोनशे चौदा!" चारुदत्त छाती ठोकून म्हणाला. "ओजिमा, कावासाकी, नागोया. एक कार्ड कमी पडणार नाही. तू निश्चिंत राहा."

त्यानं शब्द पाळला. दोनशे चौदा कार्डं त्यानं स्वतः पोस्टात टाकली.

निकाल गुरुवारी आला. कुकर पहिला. जिन्यातली रांगोळी एकोणिसावी, म्हणजे शेवटची. एकूण मतं चार.

मैथिली घरी आली तेव्हा चारुदत्त पेढ्यांचा पुडा सोडत होता.

"कार्डं टाकली होतीस ना?"

"सगळी. का गं?"

"त्यावर काय लिहिलं होतं?"

चारुदत्तानं कपाटातून नमुना काढला. त्यावर तारीख नवी होती. बाकी सगळं पहिल्या दिवसापासून होतं तेच. मालिका, तीच. आवडती व्यक्तिरेखा, कुकर.

"तारीख अपडेट केली होती मी," तो पुटपुटला. "प्रोसेस स्टेबल होती, मैथिली. वर्षभरात एकही डिफेक्ट नाही."

"चारू, तू माझी गोष्ट वाचलीस?"

"अगं, या वीकेंडला निवांत वाचणारच होतो."

चार कार्डं सेन्सेईंनी तिच्यासाठी मागून आणली होती. एक त्यांचं. एक मियाके-सानांचं, कारणाच्या रकान्यात लिहिलं होतं, 'जिन्याचं छप्पर चांगलं काढलं आहे.' एक नाव नसलेलं. अक्षर हिरानुमा-सानांसारखं होतं, पण त्यांना काही वाटत नसल्यामुळे ते त्यांचं असणं शक्य नव्हतं. चौथं पेन्सिलीनं लिहिलेलं, लहान मुलाच्या जपानीत: 'शेवट आवडला. मी दोनदा वाचला. कुकर नसला तरी चाललं.' खाली मितालीचं नाव.

पुढचा बुधवार महिन्याचा दुसरा होता. आठच्या आत मैथिलीनं गॅलरीत ठिपके मांडले. आडवे अकरा, उभे अकरा.

वाचकांपैकी काहींना आता तिसरी शिट्टी कधी झाली, हे विचारायचं असेल. तशी विचारणा करणारी कार्डं पुष्कळ येतात आणि त्यांची नीट नोंद ठेवली जाते. त्या बाईला जिन्यातली रांगोळी पुसणारं माणूस शेवटी सापडलं का, असं विचारणारं कार्ड मात्र अद्याप एकही आलेलं नाही. तुमचंही नाही.