पाच हात बोळ आणि एक शेळी

केवळाबाईने शेळी खुंटीला बांधली ती घटकाभरासाठी. परभणीच्या नव्या वसाहतीतल्या बायकांचा दूधवालीवर विश्वास नव्हता. डोळ्यांदेखत धार काढली तरच त्या भांडं पुढे करत. म्हणून ती पिंगळी रस्त्यावरच्या आपल्या खोपटातून शेळीच घेऊन यायची. त्या दिवशी शेळीला, चांदीला, तिने दोन घरांमधल्या बोळात बांधलं आणि दिनकररावांच्या घरात भांडं मागायला गेली. बाहेर येऊन बघते तर बोळात सरकार उभं.

बोळ पाच हात रुंद. एका अंगाला कचेरीतले दिनकरराव, दुसऱ्या अंगाला मानवतहून आलेले कापसाचे अडते माणिकराव. दोघेही एकाच सहकारी घरबांधणी सोसायटीचे सभासद, आणि बोळ आपलाच असं दोघांचंही म्हणणं. दिनकररावांनी कोर्टात दावा लावला होता, त्याच्या पंचनाम्याला कोर्टाचा अमीन आला होता. त्याला जे दिसलं ते त्याने लिहिलं : बाभळीची खुंटी एक, फुटका रांजण एक, शेळी काळी, कपाळावर चांद, नग एक. निकाल लागेपर्यंत सगळं जैसे थे, असा हुकूम त्याच्या खिशातच होता. शेळीच्या गळ्यातल्या दाव्याच्या गाठीवर तो मोहोरेची लाख लावायला लागला.

"सायेब, शेळी माझी हाय. ह्यांचं भांडण जागेचं हाय," केवळाबाई म्हणाली.

"शेळी जागेवरच हाय ना, बाई?" अमीन लाखेवर फुंकर घालत म्हणाला. "मग ती जागेत आली."

महिन्याभराने कोर्टाच्या ध्यानात आलं की सोसायटीच्या सभासदांचं आपसातलं भांडण आपल्या अखत्यारीत येत नाही, ते सहकार खात्याने बघायचं. कागद तिकडे गेले, हुकूम मात्र राहिला. ज्या कोर्टाला अधिकारच नव्हता, त्याला हुकूम उठवायचा अधिकार तरी कुठून येणार? सहकार खात्याची आणखी निराळी तऱ्हा. गेल्या दिवाळीत जिल्हा हैदराबादेतून मुंबई राज्यात गेला होता, पण टपालवाल्या कारकुनाचा हात जुन्या वळणाचा. कागद हैदराबादला गेले, तिथून परत आले, मग पुण्याला निघाले.

तोवर केवळाबाई दोन वक्त पाला घेऊन बोळात यायची. धार काढावी की नाही, यावरही वाद झाला. सोसायटीचे चिटणीस बन्सीधर यांनी पंचनामा दोनदा वाचून निवाडा दिला, की दूध त्यात लिहिलेलं नाही, सबब काढायला हरकत नाही.

आणि मग चांदी व्याली. पिलं दोन. दिनकररावांनी लगेच तक्रार केली, की पंचनाम्यात एक आणि जागेवर तीन, म्हणजे जैसे थे मोडलं. बन्सीधरांनी सांगितलं, पिलं घरी न्या, आई इथंच राहील. केवळाबाई पिलांना टोपलीत घालून पाजायला आणायची आणि न्यायची. चौथ्या दिवशी धाकटं पिल्लू उभंच राहीना. त्याला पदरात घेऊन ती कोर्टात गेली. कोर्ट म्हणालं, आमचा अधिकार नाही. चौकीत म्हणाले, कोर्टाचं प्रकरण आहे. सहकार खात्याच्या कारकुनाने मान वर न करता विचारलं, "सभासद हायेत का तुमी? सभासदाचीच तक्रार घेता येते."

केवळाबाई तिथून उठली ती थेट बन्सीधरांच्या ओट्यावर.

"सभासद कसं व्हायचं असतंय?"

एक सभासद बदली होऊन गेल्यामुळे सोसायटीत नियमाला एक माणूस कमी पडत होता आणि वरून पत्रावर पत्र येत होतं. बन्सीधरांनी त्या आठवड्यात शेळीलाही सभासद करून घेतलं असतं. केवळाबाईच्या नवऱ्याने, येडबाने, सभासदकीचे पैसे भरायला बोकड विकला, तिने अंगठा उठवला, आणि बोळावर हक्क सांगणारा तिसरा अर्ज दाखल झाला. दोन दिवसांनी सहकार खात्याचा अधिकारी नव्याने पंचनामा करायला यायचा होता.

तो सकाळी आला तेव्हा बोळात पाय ठेवायला जागा नव्हती. केवळाबाईचा दीर ग्यानबा पिंगळीहून सगळं खांड घेऊन आला होता. बेचाळीस शेरडं, तीन दगडांची चूल, पाण्याची घागर, आणि खाटेवर केवळाबाईची सासू भिवराबाई. चांदीच्या पोटाखाली दोन्ही पिलं लुचत होती.

"हे सगळं कधीपासून हाय इथं?" अधिकाऱ्याने विचारलं.

"तुमी यायच्या आदीपासून, सायेब."

यात खोटं काढायला जागा नव्हती. त्याने एकेक करून लिहून घेतलं. तो 'पिलं, नग दोन' लिहीत असताना केवळाबाईने कागदात डोकावून ते दोनदा वाचायला लावलं आणि तेव्हा कुठे तिचा जीव भांड्यात पडला. शेवटी 'वृद्ध स्त्री, खाटेसह, नग एक' असं लिहून अधिकाऱ्याने सही केली. हक्कदार तीन झाल्यामुळे प्रकरण पुण्यालाच ठरायचं होतं. तोवर जैसे थे.

तिसऱ्या दिवशी दिनकरराव आणि माणिकराव नाकाला उपरणं लावून प्रथमच एका ओट्यावर उभे राहिले.

"केवळाबाई, आमचं मिटलं," माणिकराव म्हणाले. "बोळ निम्मा निम्मा. तू घेऊन जा तुझी शेळी. कुणी काही म्हणणार न्हाई."

केवळाबाईने चुलीत फुंकर घातली. धाकटं पिल्लू आता तिच्या पाठीवर उड्या मारत होतं.

"मी कशी नेऊ, मालक? मोहोर हाय," ती म्हणाली. "दूध लागलं तर सांगा. दूध पंचनाम्यात न्हाई."