युवराजाला खांदा

२००७ सालच्या माघात, आम्ही वाईजवळच्या माळावर एका जुन्या ग्रीक नाटकाची मालिका करत असताना, त्या नाटकातला मेलेला युवराज स्वतः ग्रीसहून आला. अडीच हजार वर्षांचा अनुभव असल्यामुळे प्रेताचे काम त्यालाच दिले.

नाटकात राजा त्याला पुरू देत नाही. बहीण हुकूम मोडून माती देते. मी नाटकातल्या नगरीच्या म्हाताऱ्यांपैकी एक होतो. आमचे काम माना हलवण्याचे. दफनासाठी खड्डा आधीच खणून ठेवला होता. पण प्रेत दिसले की लोक मालिका बघतात, असे चॅनेलने कळवले. दफन पुढे गेले. मग पुढेच जात राहिले. लाइटवाले खड्ड्यात चहाचे कप टाकू लागले.

युवराज तक्रार करत नसे. एकदा एवढेच म्हणाला, "आप्पा, पाठ अवघडली हो."

चैत्रात माझी बायको सोनाबाई गेली. आम्हाला मूलबाळ नाही. गाव जत्रेला गेलेले. विस्तव धरून मी पुढे चालायचे, आणि खांद्याला माणसे तीनच. युवराज सेटवरून उठून आला, तोंडाचा रंग पुसला आणि चौथा झाला.

"ह्याला आता सुतक किती दिवसांचं?" बाबू गुरवाने विचारले.

"त्याचं स्वतःचंच कुणी धरलं नाही अजून," माझा मेहुणा म्हणाला.

स्मशानातून आल्यावर युवराजाने आंघोळ केली आणि पुन्हा सेटवर आडवा झाला. शॉट बाकी होता.

तेराव्यानंतर मी दिग्दर्शक रणपिशांना गाठले.

"युवराजाला माती द्यायची."

"आप्पा, दिवाळीपर्यंत थांबा. मालिकेला मुदतवाढ मिळालीय."

"मला त्याचा खांदा देणं आहे."

"मग चॅनेलकडं अर्ज करा."

"खांद्याला अर्ज नसतो."

दुसऱ्या दिवशी शॉट चालू असतानाच मी, मेहुणा आणि बाबू तिरडी घेऊन आत शिरलो. चौथा कोणी मिळाला नव्हता. राजाचे काम करणाऱ्या धुमाळांनी मुकुट काढून सिंहासनावर ठेवला.

"हुकूम माझाच होता," ते म्हणाले. "सरका जरा."

"आप्पा, कॅमेरा चालू आहे! काम जाईल तुमचं!" रणपिसे ओरडले.

"चालू राहू द्या."

"अहो, लोक विचारतील, प्रेत कुठं गेलं?"

"सांगा, प्रेतं जातात तिथं."

मी पुढे उजवीकडे लागलो. खड्ड्यातले कप उपसले. युवराजाला खाली ठेवले. त्याने कूस बदलली, अंग सैल सोडले. सगळ्यांनी हाताने माती लोटली.

खांदा फिटला.