जेसीबीवरच्या सासूबाई

मी फक्त लुगडं पोचवायला गेलो होतो. देऊन परत फिरलो असतो, तर आज तोंडावर मिशी असती.

रिठद ही माझी सासुरवाडी. सासूबाई गोजराबाईंनी तरुणपणी मोठा पराक्रम केलेला. दंडारीत, म्हणजे इकडच्या लोकनाट्यात, तेव्हा बायांची सोंगं पुरुषच लुगडं नेसून करायचे. सासूबाई अख्ख्या गावाशी भांडल्या, ते बंद पाडलं आणि पंचक्रोशीत पहिल्यांदा बाई म्हणून स्वतः नाचल्या. (लग्नापासून त्या मला एकदाही बरं म्हणाल्या नाहीत. जिद्दच तशी.) त्यांच्यावर माझा साळा ऋषिकेश शॉर्टफिल्म काढत होता. शेवटी तरुण गोजराबाई नाचत नाचत थेट ढगांत जातात, असा सीन. ढगांत नेणार होता गावातल्या लखनचा जेसीबी.

गोजराबाई होणार होत्या आमच्या सौ., वर्षाराणी. त्या लुगडं नेसल्या, कमरेचा दोर जेसीबीच्या बकेटला बांधला, बकेट हातभर वर गेलं आणि त्या खाली उतरल्या.

“मी नाही चढत. तुमी चढा,” त्या म्हणाल्या. “तुमचा तं विमाबी हाये.”

मी मिशीकडे बोट दाखवलं. ऋषिकेशनं खिशातून रेझर काढला. (दिग्दर्शक तयारीनं येतो.) मला वाटलं, जावयानं आपल्यासाठी जीव धोक्यात घातला हे पाहून तरी सासूबाई विरघळतील. तिथंच माझा घात झाला; मिशी गेली, अंगावर लुगडं आलं.

लखननं मला वर उचललं आणि त्याचा फोन वाजला. तो एका हातानं फोन धरून दुसऱ्यानं दांडा हलवत राहिला. मी शेतातल्या तुरीवरून गरगर फिरलो. लुगडं सुटलं, खालची बर्म्युडा उघडी पडली. मी देवाचा, आईचा आणि विमा एजंटचा धावा करत हातपाय झाडत होतो. ऋषिकेश खालून म्हणत होता, भाऊजी, असंच नाचा.

समाजमंदिरात फिल्म लागली. सारं गाव हजर, सासूबाई पहिल्या खुर्चीत. माझा सीन आला तेव्हा कुठे माझ्या टाळक्यात उजेड पडला. ज्या बाईनं पुरुषांना लुगडं सोडायला लावलं, तिच्याच मानवंदनेत मी लुगडं नेसून लटकत होतो! धरणीनं पोटात घ्यावं असं झालं. सासूबाई तोंडाला पदर लावून बसल्या होत्या.

फिल्म संपताच मी पाय धरून माफी मागितली. त्यांनी पहिल्यांदाच माझ्या पाठीवरून हात फिरवला.

“जावाईबापू, तवा कुठं होते तुमी?” त्या म्हणाल्या. “दंडारीत तुमी असे नाचले असते, तं मले भांडाच लागलं नसतं. गावानंच हात जोडून मले स्टेजवर चढवलं असतं.”