पोपटमासा आणि चिंच

फर्डिनंडने पत्र्याचा डबा ओटीवर ठेवला तेव्हा ऑगस्टीन नुकताच पानमळ्यातून येऊन पायरीवर बसला होता. त्याचं तोंड घट्ट मिटलेलं होतं आणि डावा गाल उजव्यापेक्षा किंचित मोठा दिसत होता.

"मास्तरीन कुठं हाय?" फर्डिनंडने विचारलं. तो पाचूबंदरचा कोळी. भुईगावात मासळी घेऊन यायचा. "तिच्यासाठी मासा आनलाय. जिता."

ऑगस्टीनने मानेनेच आत दाखवलं.

"बोलत का नाय? दात दुखतो?"

ऑगस्टीनने मान हलवली, उठून विहिरीच्या मागे गेला, थोड्या वेळाने परत आला आणि म्हणाला, "दुखत होता. आता बरा आहे."

दिवस उपासकाळाचे होते. राखेच्या बुधवारी ऑगस्टीनने फादर फ्रेडरिक यांच्यासमोर आणि, त्याहून कठीण म्हणजे, बायकोसमोर ईस्टरपर्यंत पान-तंबाखू सोडल्याचं जाहीर केलं होतं. त्याला कारणही तसंच होतं. उत्तम शुक्रवारी क्रुसावरून उतरवलेल्या प्रभूची मूर्ती चौघांच्या खांद्यावरून गावात फिरे, आणि ज्याने उपासकाळाचं व्रत पाळलं त्यालाच खांदा द्यायला मिळे, असा त्यांच्या आळीचा रिवाज होता. पुढची उजवी जागा हयातभर लुईझाच्या वडिलांची होती. ते गेल्या पावसाळ्यात वारले. ती जागा फादरांनी जावयाला देऊ केली तेव्हा लुईझाच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण ऑगस्टीनमुळे तिच्या डोळ्यांत अशा कारणाने पाणी पहिल्यांदाच आलं होतं.

व्रत त्याने चार दिवस मनापासून पाळलं. पण पानमळ्यात राबणाऱ्या माणसाने पान सोडायचं म्हणजे हलवायाने साखरेकडे पाठ करून बसण्यासारखं होतं.

त्याची लेक लिली बाहेर आली. ती मुंबईहून बी.एस्सी. होऊन वसईच्या हायस्कुलात विज्ञान शिकवत होती. तिने डब्यात पाहिलं. आत हातभर लांबीचा हिरवानिळा मासा होता, आणि त्याला ओठांच्या जागी चोच होती.

"असला रंगीत मासा बाजारात कोन घेनार?" फर्डिनंड म्हणाला. "बायका म्हनतात, शिजवायचा का पिंजऱ्यात ठेवायचा?"

"हा पोपटमासा," लिली म्हणाली. "याचे दात एकमेकांना जुळून चोच होते. खडकावरचं शेवाळ खरवडून खातो. बरोबर खडकही खातो."

"खडक खातो?" लुईझाने दारातून विचारलं. "मग ठेव. पोसायला परवडेल."

मुंबईला मत्स्यालय नवंच उघडलं होतं आणि लिलीच्या शाळेत ईस्टरनंतर विज्ञान प्रदर्शन भरायचं होतं. या दोन गोष्टी तिच्या मनात एकत्र आल्या. फर्डिनंडने लाकडी पेटीला एका बाजूने काच बसवली, होडीच्या फटी बुजवतात तशी राळ भरली आणि टाकी ओटीवर उभी राहिली. लिलीने त्यात कालवं चिकटलेले दगड ठेवले. रोज बैलगाडीतून समुद्राचं ताजं पाणी आणायचं काम ऑगस्टीनकडे आलं. कुरकुर न करता त्याने ते पत्करलं. गाडीवर एकटं असण्याचे काही फायदे होते.

मासा स्वभावाने तापट निघाला. सकाळी ऊन काचेवर आलं की त्याला आपलंच प्रतिबिंब दिसे, आणि तो त्याच्यावर धाड धाड धडका मारी.

"आरशात बघून चिडणारं हे या घरातलं दुसरं," लुईझा म्हणाली. ऑगस्टीन तेव्हा दाढी करत होता.

तिसऱ्या दिवशी टाकीत सुपारीच्या झाडाचं वाळकं पान पडलं. ऑगस्टीनने ते काढायला हात घातला. मासा दगडामागून निघाला, सरळ आला आणि त्याने ऑगस्टीनच्या उजव्या हाताच्या तर्जनीचं टोक धरलं. ऑगस्टीन ओरडला ते शेजारच्या बॅप्टिस्टच्या गोठ्यापर्यंत ऐकू गेलं.

लिली धावत आली. आधी तिने मासा पाहिला, मग बोट.

"कमाल आहे," ती म्हणाली. "माझा हात रोज आत असतो. मला कधी चावला नाही."

"रागीट आहे तो. आरशाशी भांडतो, माझ्याशी का नाही भांडणार?"

"मग फक्त तर्जनीच का, बाबा? पाचही बोटं पाण्यात होती."

"ते मी त्याला विचारलं नाही."

लुईझाने पदर खोचला आणि कोपरापर्यंत हात टाकीत घातला. मासा जवळ आला, तिच्या बोटांभोवती एक फेरी मारून त्याने तोंड फिरवलं आणि दगड खरवडायला निघून गेला.

"त्याला माणसं कळतात," लुईझा म्हणाली आणि चिंच कोळायला आत गेली. उपासकाळात घरात मटण नव्हतं. रोज माशाचं आंबट सार होतं.

दुसऱ्या दिवशी मासा बघायला बॅप्टिस्ट आला. तोही खांदा देणाऱ्या चौघांपैकी एक, आणि त्यानेही तंबाखू सोडली होती. "मला नाही चावणार," असं म्हणून त्याने हात घातला. मासा त्यालाही चावला. उजवी तर्जनी.

संध्याकाळी विहिरीच्या कठड्यावर दोघं शेजारी बसले. दोघांच्याही एकाच बोटाला चिंधी होती.

"तू चुना कुठल्या बोटाने लावतोस?" बॅप्टिस्टने विचारलं.

"जगात सगळे ज्या बोटाने लावतात त्याच."

"माशाला कसं कळतं?"

"शिंपल्या भाजूनच चुना करतात ना? तो दिवसभर शिंपल्याच चाटतो."

"तुझी लेक हुशार आहे रे," बॅप्टिस्ट काळजीने म्हणाला.

"बी.एस्सी. आहे," ऑगस्टीन तितक्याच काळजीने म्हणाला.

यावर बॅप्टिस्टने एक सरळ उपाय सुचवला, आणि रात्रीच्या जेवणाला ऑगस्टीनने सहज विषय काढला. "हा मासा चवीला कसा असेल? उपासकाळात मासा चालतो."

"प्रदर्शनापर्यंत त्याला कोणी हात लावायचा नाही," लिली म्हणाली.

"हात कोण लावतंय? तोच लावतो."

उपाय सापडला तो लुईझामुळे. ती तांब्याची कळशी चिंचेने घासत होती, आणि काळी पडलेली कळशी बघता बघता लाल झाली. ऑगस्टीन उभा राहून पाहत होता.

"चिंचेने सगळं निघतं का गं?"

"सगळं," लुईझा म्हणाली. "तुमची कळशी आहे का कुठली?"

त्या दिवसापासून पानमळ्यातून येताना ऑगस्टीन विहिरीवर थांबून बोटं चिंचेने खसाखसा चोळू लागला. इतक्यावर तो थांबला असता तर सगळं निभावलं असतं. पण संशयातून सुटलेल्या माणसाला साक्षीदार लागतात. त्याने लिलीला हाक मारली, पाण्यात तर्जनी बुडवली आणि माशाच्या नाकासमोर फिरवली. माशाने पाहिलं न पाहिल्यासारखं केलं.

"बघ! मैत्री झाली आमची."

लिली खूश झाली नाही. ती खांबाला टेकून विचार करू लागली, आणि ऑगस्टीनला आपली चूक कळली.

"तेव्हा चावला, आज चावला नाही," ती म्हणाली. "मासा तोच, बोट तेच. मग मध्ये बदललं काय?"

"चिंच लवकर संपायला लागली," स्वयंपाकघरातून लुईझा म्हणाली. "दुसरं काही बदललेलं नाही."

"चिंच म्हणजे आम्ल," लिली स्वतःशीच पुटपुटली. "आम्लात विरघळतं काय?"

"लिली, तुला शाळेला उशीर होतोय."

"आज रविवार आहे, बाबा."

त्या दिवशी झावळ्यांचा, म्हणजे ईस्टरच्या आधीचा रविवार होता. लिलीने दोन सारख्या काटक्या घेतल्या, एकीच्या टोकाला चुना लावला आणि दोन्ही पाण्यात धरल्या. माशाने कोऱ्या काटकीकडे ढुंकूनही पाहिलं नाही. चुन्याच्या काटकीचं टोक मात्र त्याने कडकन तोडून नेलं. लिलीने वडिलांच्या चिंधीकडे पाहिलं, वडिलांनी माडाच्या शेंड्याकडे पाहिलं.

ती कोणाला मुद्दाम सांगायला गेली नाही. पण खांदा देणाऱ्यांपैकी सायमनची बायको जुलियाना झावळी हातात घेऊन अंगणात उभी होती. "हे काय गं?" असं तिने विचारलं, आणि निष्कर्ष लपवायचं शिक्षण लिलीला कॉलेजात मिळालं नव्हतं. संध्याकाळपर्यंत ही बातमी देवळात पोचली.

फादर फ्रेडरिक कमी बोलत. त्यांनी निरोप पाठवला: बुधवारी संध्याकाळी मी मासा पाहायला येतो; खांदा देणारे चौघेही बरोबर असले तर बरं होईल.

ऑगस्टीन डगमगला नाही. तो स्वयंपाकघरात गेला.

"चिंच दे थोडी."

"संपली," लुईझा म्हणाली.

तो वाण्याकडे गेला. वाण्याने रिकामी कोठी उलटी करून दाखवली. "काय झालंय भुईगावाला? दुपारी बॅप्टिस्ट आला, मग सायमन, मग आग्नेल. मग ज्यांना खांदा द्यायचा नाही तेसुद्धा आले. फादरांचा आचारी मागाहून आला, त्याला हात हलवत परत जावं लागलं."

चिंचेचा शोध ऑगस्टीनचा होता. त्याने तो फक्त बॅप्टिस्टला सांगितला होता, तोही शपथ घालून.

आता एकच मार्ग उरला, आणि तो इतका सोपा होता की आजवर त्याला सुचलाच नव्हता. त्याने पानाची चंची माळ्यावर टाकली आणि खरोखरच पान सोडलं. सोमवारी त्याचं डोकं ठणकलं. मंगळवारी तो बैलावर खेकसला आणि नंतर त्याची माफी मागितली. बुधवारी सकाळी लुईझा म्हणाली, "असे येरझारा घालू नका. सणाला घराला चुना द्यायचाच आहे, तो द्या." त्याने पुढची भिंत रंगवली, विहिरीचा कठडा रंगवला, हात विहिरीवर खळखळून धुतले आणि धुतलेला सदरा घातला. आपल्याजवळ लपवायला काही नाही, ही भावना त्याला नवीन होती. छातीत थोडं हलकं वाटत होतं.

संध्याकाळी ओटीवर पाय ठेवायला जागा नव्हती. फादरांसाठी टाकीजवळ खुर्ची मांडली होती. सायमनने बोट घातलं. मासा वळला. आग्नेलने घातलं. मासा हललाही नाही. बॅप्टिस्टने घातलं, वर दोनदा फिरवून दाखवलं. मासा दगडामागे गेला.

"आता ऑगस्टीन," फादर म्हणाले.

ऑगस्टीन पुढे आला, त्याने लुईझाकडे पाहिलं, आणि तीन दिवस कमावलेल्या निर्मळ मनाने तर्जनी पाण्यात बुडवली.

मासा दगडामागून बाणासारखा आला.

ऑगस्टीन ओरडला. जुलियानाने तोंडाला पदर लावला. बॅप्टिस्टने दुःखाने मान हलवली. त्यात दुःखही थोडं होतं. ऑगस्टीनने बोट डोळ्यांसमोर धरलं, तेव्हा रक्ताच्या वर, नखाच्या आत, पांढरी रेघ दिसली. भिंतीचा चुना.

"फादर, ही भिंत..." तो म्हणाला आणि थांबला. आजवर इतक्या थापा पचल्या होत्या की खरं बोलताना आवाज फुटेना.

फादरांनी नव्या भिंतीला बोट लावून पाहिलं. ती अजून ओलसर होती. मग ते खुर्चीवरून वाकले आणि चौघांचेही हात एकेक करून आपल्या नाकाजवळ नेले. शेवटचा हात ऑगस्टीनचा होता. तो त्यांनी सोडला आणि रुमालाने आपली बोटं पुसली.

"रविवारपासून माझ्या सारात चिंच नाही," ते म्हणाले. "ती कुठे गेली ते आता कळलं."

सायमन, आग्नेल आणि बॅप्टिस्ट यांनी हात मागे घेतले.

"तरी खांदे चार लागतात," फादर उठत म्हणाले. "शुक्रवारी चौघेही या. ऑगस्टीन, पुढची उजवी जागा तुझी. बाकीच्यांनी ईस्टरच्या आत माझ्याकडे येऊन जा. आणि येताना उरलेली चिंच घेऊन या."

शुक्रवारी ऑगस्टीन मूर्तीच्या पुढच्या उजव्या दांड्याखाली चालला. त्याच्या बोटाला पांढरीशुभ्र चिंधी होती. लुईझा बायकांच्या रांगेत होती, आणि तिचे डोळे पुन्हा भरून आले होते.

ईस्टरच्या दुपारी जेवणं झाल्यावर त्याने माळ्यावरून चंची काढली. व्रत संपलं होतं. आता लपायचं कारण नव्हतं. पण बोट सुजलेलं, त्यामुळे चुना लावता येईना.

"आणा इकडे," लुईझा म्हणाली.

तिने पान मांडीवर पुसलं, शीर काढली, तर्जनीने चुन्याचं एकच बोट असं फिरवलं की पानावर कुठे जाड नाही, कुठे पातळ नाही, आणि बघता बघता विडा बांधला. मग बोलता बोलता तिने तांदळाच्या पिंपामागे हात घातला, चिंचेने अर्धी भरलेली बरणी काढली, बोट तिच्यात बुडवून चोळलं आणि बरणी पुन्हा जागेवर सरकवली.

ऑगस्टीन हातातला विडा तसाच धरून बसला.

"काय बघता?" लुईझाने विचारलं.

त्याने टाकीकडे पाहिलं. मासा काचेतल्या स्वतःच्या चेहऱ्यावर धडका मारत होता.

"काही नाही," तो म्हणाला. "तू म्हणाली होतीस ते खरं आहे. त्याला माणसं कळतात."

आणि विड्याचे दोन भाग करून अर्धा त्याने तिच्यापुढे धरला.