अडीच हजार सोम

"बायबिचे, 'अडीच हजार सोम' हे रशियनात कसं लिहायचं?"

गुरुवारी सकाळी चहाचा दुसरा पियाला हातात घेऊन एसेनकुलनी हा प्रश्न विचारला, तेव्हा बुरुलचाबाईंचा पावाचा तुकडा जर्दाळूच्या मुरंब्यात बुडता बुडता थांबला. बाईंनी किर्गिझस्तानातल्या बालिकचीच्या शाळेत छत्तीस वर्षं रशियन शिकवली होती. त्या छत्तीस वर्षांत घरातल्या या विद्यार्थ्याने आपण होऊन एकही शंका विचारली नव्हती.

"कुठे लिहायचंय?"

"कुठे नाही. माणसाला माहीत असावं."

"लिहून दाखवा बघू, अबिश्का."

अबिश्का म्हणजे म्हातारबा, जसं बायबिचे म्हणजे घरधनीण. एसेनकुलनी वर्तमानपत्राच्या कडेला किर्गिझ पैशांचा आकडा लिहिला, २५०० सोम. बाईंनी खिशातून लाल पेन काढलं. निवृत्त होऊन सात वर्षं झाली तरी ते पेन त्यांच्या खिशातच असे. त्यांनी 'सोम'च्या मागे 'ओव' असं शेपूट जोडलं.

"सोमोव. आकड्यापुढचा शब्द रशियनात असा उघडाबोडका सोडत नाहीत. आपले लोक सोडतात, बाजारात काय, बँकेत काय. म्हणून तर रशियन माणसाला लगेच कळतं की लिहिणारा किर्गिझ आहे."

"कळलं तर काय बिघडलं?"

"बाकीच्यांचं कळू दे. बाईच्या नवऱ्याचं कळायला नको."

एसेनकुलनी तो कागदाचा तुकडा फाडून घेतला आणि खिडकीशेजारच्या कॉम्प्युटरपुढे जाऊन बसले. बाईंना फार बरं वाटलं.

एसेनकुल हे बंदरावरचे जुने क्रेनवाले. हिवाळ्यात तळ्याच्या काठी जमणाऱ्या बर्फावर बसून मासे धरायचे हा त्यांचा जन्माचा छंद, पण डॉक्टरांनी गुडघ्यांकडे बोट दाखवून तो बंद केला. तेव्हा मुलाने, तिलेकने, आपला जुना कॉम्प्युटर आणून दिला आणि त्यात मासेमारीचा एक खेळ घालून दिला. पडद्यावर नदी, पडद्यावर गळ. मासा लागला की खेळातल्या मंडईत विकायचा, त्याची चांदी मिळायची. आवडलेला मासा न विकता आपल्या खेळातल्या तळ्यात सोडता यायचा. दोन वर्षांत एसेनकुलांकडे चौऱ्याऐंशी हजार चांदी जमली होती, आणि तळ्यात 'राणी' नावाची नऊ किलोची ट्राउट होती.

"तळून खाता येते का ती राणी?" असं बाई आठवड्यातून एकदा तरी विचारत. एसेनकुल उत्तर देत नसत, कारण उत्तर नव्हतं.

पण येत्या रविवारी उत्तर देण्याची वेळ आली होती. तिलेक आणि सून आयझिरेक बिश्केकहून चाळीस दिवसांच्या बाळाला घेऊन येणार होते. बाळाचं तोंड पहिल्यांदा बघायचं तर कोरुंदुक द्यावं लागतं. हातावर काही ठेवल्याशिवाय आई बाळाच्या चेहऱ्यावरचं फडकं बाजूला करत नाही. मोठ्या नातीच्या वेळी एसेनकुल रिकाम्या हाताने उभे राहिले होते, कारण दोघांचं पेन्शन जाई बाईंच्या डब्यात आणि डबा असे छपराच्या पत्र्यांसाठी. तेव्हा बाईंनी सगळ्यांदेखत त्यांच्या मुठीत नोट कोंबली आणि म्हणाल्या, "घ्या, हे द्या." त्यावर व्याही शारशेन म्हणाले होते, "आमच्या व्याह्यांची तिजोरी बायकोच्या डोक्याच्या रुमालात बांधलेली असते वाटतं." सगळे हसले. एसेनकुलही हसले. पण ते बोलणं ते विसरले नव्हते. या खेपेला कोरुंदुक आपल्या कमाईचं द्यायचं, असं त्यांनी ठरवलं होतं.

खेळातल्या चांदीचे खरे पैसे होतात, हे त्यांना खेळातल्या गप्पांमधूनच कळलं. चाळीस वर्षं क्रेनने जड वस्तू एका जागेवरून दुसऱ्या जागी ठेवलेल्या माणसाला प्रश्न पडला तो असा: वजन नसलेली वस्तू इकडून तिकडे जाते कशी? कारण खेळात मासे कुणालाही भेट देता येत, पण चांदी द्यायची सक्त मनाई होती. रशियातल्या आस्त्राखानचं, गेनादी नावाचं एक गिऱ्हाईक भेटलं होतं. त्यालाच त्यांनी विचारलं.

"सोपं आहे, आजोबा," गेनादीने लिहिलं. "मी मंडईत एक भिकार वस्तू विकायला ठेवतो. तुम्ही ती ऐंशी हजारांना विकत घ्या. झालं."

"भिकार म्हणजे काय?"

"माझ्याकडे गळाला लागलेला एक बूट आहे. डावा. भोक पडलेला."

एसेनकुलना ही युक्ती इतकी आवडली की ते पाच मिनिटं नुसते मान हलवत बसले. बूट ऐंशी हजारांचा, मंडईचा कर चार हजार. हिशेब अगदी काट्यावर जुळत होता. मग गेनादीने विचारलं, "बदल्यात काय देऊ?"

एसेनकुलनी कागदाचा तुकडा समोर धरला. आकडा तेवढा घासाघीस धरून वाढवला आणि एकेक अक्षर बघून टाइप केलं: "तीन हजार सोमोव."

पलीकडून प्रश्न आला.

"एवढ्यांचं करणार काय तुम्ही?"

"रविवारी नातू येतोय. त्याच्यासाठी."

"नातवासाठी होय. मग नाही कसं म्हणू? पण तीन हजार नाही जमणार. अडीच हजार देतो."

"चालेल."

"जिवंत ना?"

रशियन लोक रोख रकमेला 'जिवंत पैसे' म्हणतात. बंदरावर दर पगाराला हा शब्द कानावर पडायचा. एसेनकुलना तो इतक्या वर्षांनी भेटून आनंद झाला.

"जिवंतच. नंतर बघू, पुढच्या महिन्यात देतो, असलं काही नको."

"नाही नाही, ताजे देतो. मोठे की लहान?"

एसेनकुलना बाळाच्या चेहऱ्यावरचं फडकं आठवलं. फडक्यापुढे चुरगळलेल्या बारक्या नोटांचं पुडकं काय शोभणार?

"मोठेच द्या. चारचौघांत मोठे बरे दिसतात. मोजून द्या म्हणजे झालं."

"मोजायला दोन दिवस लागतील, आजोबा."

अडीच हजार मोजायला दोन दिवस? माणूस हिशेबाला जरा कच्चा आहे, पण मनाने चांगला आहे, असं एसेनकुलनी मनात म्हटलं. पैसे आले की कळवायला त्यांनी आपला फोन नंबर देऊ केला. गेनादी म्हणाला, नंबर कशाला, तुमचं खातं दिसतंय मला. मग त्यांनी मंडईत जाऊन तो बूट विकत घेतला. चांदीच्या जागी शून्य आलं आणि त्यांच्या खेळातल्या कपाटात एक डावा रबरी बूट दिसू लागला.

शुक्रवारभर आणि शनिवारी सकाळी एसेनकुल फोन हातात घेऊन फिरत होते. जेवताना फोन पियाल्याशेजारी, लाकडं फोडताना ओंडक्यावर.

"कुणाचा फोन यायचाय?" बाईंनी विचारलं.

"कुणाचा नाही."

"मग त्याला जेवू घालताय कशाला? भात सांडलाय त्याच्यावर."

शनिवारी दुपारी फोनऐवजी कॉम्प्युटर वाजला. एसेनकुल धावले, म्हणजे गुडघे परवानगी देतील तितके धावले. पडद्यावर ओळ होती: 'आपल्या खात्यात २५०० सोमोव जमा.' शेवटी बाईंनी शिकवलेलं 'ओव' अगदी जसंच्या तसं होतं. त्यांनी टेबलावर हात आपटला, "आले!"

तेवढ्यात पडद्यावरच्या तळ्याचं पाणी काळं पडलं. मग ते पाणी हललं आणि त्यातून एक रुंद, चपटं, निवांत तोंड वर आलं. त्याला लांबच लांब मिशा होत्या. त्याच्यामागे दुसरं आलं, मग दहा आली, मग मोजणं अशक्य झालं.

रशियनात सोम म्हणजे नदीच्या तळाशी राहणारा, माणसाएवढा वाढणारा मिशाळ मासा. एसेनकुलना हे माहीत नव्हतं असं नाही. पण बालिकचीच्या तळ्यात तो मासा नाही, आणि खिशात ज्याच्या नोटा असतात त्याला मिशा असतील असं कुणाच्या मनात येतं? ते बघत राहिले. तेवढ्यात सगळ्यात पुढच्या मिशाळाने तोंड उघडलं आणि राणी आत गेली. खाली नवी ओळ उमटली: 'मासे अजून उपाशी आहेत. खाद्य विकत घ्या.' चांदी शून्य होती.

एसेनकुलनी लिहिलं, "मी पैसे मागितले होते."

"पैसे? आजोबा, तुम्ही सोम मागितलेत. मी आणि मेहुणा दोन दिवस मोजतोय."

"आमच्याकडे पैशाला सोम म्हणतात. आम्ही किर्गिझ."

गेनादीने हे बहुधा आधी मेहुण्याला सांगितलं, मग लिहिलं.

"हे आधी कळायला नको? इथे आमच्या बाजारात किर्गिझ आहेत की. ते नुसतं 'सोम' लिहितात, शेपटाशिवाय, ते मी लगेच ओळखतो. तुम्ही इतकं शुद्ध लिहिलंत की मला वाटलं आपल्यातलेच, व्होल्गाकाठचे. कुठे शिकलात एवढं चांगलं?"

"चांदी परत द्या."

"चांदीची बोट घेतली हो. मला खरंच वाईट वाटतंय. सोम मात्र चांगले आहेत, मोठे निवडून दिलेत."

मागे काहीतरी खुट्ट झालं. एसेनकुल वळले. बुरुलचाबाई हातात पुसायचं फडकं घेऊन खुर्चीमागे उभ्या होत्या, आणि छत्तीस वर्षांच्या सवयीने त्यांनी सगळं लिखाण वरपासून खालपर्यंत वाचलं होतं. एसेनकुल बोलणी खायला तयार झाले. त्यांनी सगळं सांगून टाकलं, चांदी, बूट, कोरुंदुक. शारशेनचं ते बोलणंही सांगितलं, जे त्यांनी इतकी वर्षं घरात उच्चारलं नव्हतं.

बाईंची नजर 'तुम्ही इतकं शुद्ध लिहिलंत' या ओळीवर अडकली होती. त्यांनी खिशातलं लाल पेन काढलं, बघितलं आणि परत ठेवून दिलं.

"राणी गेली?" त्यांनी एवढंच विचारलं.

"गेली."

बाई स्वयंपाकघरात गेल्या. एसेनकुलना बोलणी परवडली असती.

रविवारी घर भरलं. गरम तळलेल्या पिठाच्या बोरसोकचा वास, पोरांच्या बुटांचा ढीग, शारशेनचा आवाज. आयझिरेक पांढऱ्या फडक्याखाली बाळ घेऊन बसली. शारशेननी ऐटीत नोटा ठेवल्या, बाळ बघितलं, नाक आपल्याकडचं आहे असं जाहीर केलं आणि मग वळून म्हणाले, "हं, आता दुसरे आजोबा."

एसेनकुल उठले. दोन वर्षांची कमाई तळ्यात मिशा हलवत होती, आणि मुठीत नोट कोंबायला बाई जवळपासही नव्हत्या. त्या चुलीपाशी पाठमोऱ्या उभ्या होत्या. आता काय सांगायचं? हात कुठे ठेवावा हे न सुचून त्यांनी तो कोटाच्या खिशात घातला, आणि खिशात काहीतरी होतं.

पाकीट होतं. त्यावर लाल पेनने लिहिलं होतं: २५०० सोम. शेपूट नव्हतं. छत्तीस वर्षं ज्या चुकीसाठी बाईंनी पोरांचे गुण कापले होते, ती चूक त्यांनी आपल्या हाताने लिहिली होती.

एसेनकुलांचे डोळे भरून आले. त्यांनी पाकीट सुनेच्या हातावर ठेवलं आणि आयझिरेकने फडकं बाजूला केलं.

"स्वतःचे का, व्याही?" शारशेननी विचारलं.

"त्यांनीच कमावलेले," चुलीकडून आवाज आला. "मासे विकून."

शारशेनना विचारण्यासारखं खूप होतं, पण तेवढ्यात बाळ रडायला लागलं.

पाहुणे गेल्यावर एसेनकुल म्हणाले, "बायबिचे, पत्र्यांच्या पैशातून काढलेस ना?"

"चूक कुणाची? ते शेपूट मी लावलं." लग्नाला चव्वेचाळीस वर्षं झाली होती आणि हे वाक्य त्या घरात पहिल्यांदाच ऐकू आलं. "आणि दान नाही केलेलं. अडीच हजार दिले, अडीच हजार सोम घेतले. आता ते माझे आहेत. उठा तिथून, उपाशी असतील."

त्यानंतरचे दहा दिवस एसेनकुलना खुर्ची मिळाली नाही. खाद्याला चांदी लागते, म्हणून बाई गळ टाकायला शिकल्या. मासा लागला की त्या शेजारणीला ऐकू जाईल अशा आवाजात "बस खाली" म्हणत. खेळातल्या गप्पांमध्ये लोक त्यांच्यापुढे जरा जपून लिहू लागले, कारण त्या चुका दुरुस्त करत. कपाटातला बूट मात्र त्यांनी एसेनकुलांसाठी ठेवला. भोक पडलेला असला तरी तो ऐंशी हजारांचा होता, आणि एसेनकुल दिवसातून एकदा तो उघडून बघत.

अकराव्या दिवशी सकाळी ओम्स्कच्या एका माणसाचा निरोप आला. त्यांच्या मंडळाची स्पर्धा होती, त्याला तळ्यातले सगळे मिशाळ हवे होते आणि खरे पैसे द्यायची तयारी होती. किती घेणार, असं त्याने विचारलं होतं. बाईंनी उत्तर आधी कागदावर लिहिलं, खोडलं, पुन्हा लिहिलं. मग कागद आणि लाल पेन दोन्ही नवऱ्यापुढे सरकवलं.

"पाठवायच्या आधी एकदा तपासून द्या हो."

एसेनकुलनी चष्मा चढवला. 'पाच हजार सोमोव' असं लिहिलेलं होतं. त्यांनी ते तीनदा वाचलं. व्याकरणात कुठेही चूक नव्हती. मग त्यांनी लाल पेनचं टोपण काढलं आणि पुढे सावकाश दोन शब्द जोडले.

'मिशा नसलेले.'