न सुटलेल्या हस्तांदोलनाचा संक्षिप्त इतिहास

दोन शेजारी राष्ट्रांत वैर असायला एक टेकडी पुरते; मैत्री व्हायला मात्र छायाचित्रकार लागतो.

आमची आणि पलीकडच्यांची टेकडी सरहद्दीवर आहे. तिच्यावर काहीही उगवत नाही. हे काहीही नेमके कोणाचे, यावरून उभय राष्ट्रांचे संबंध पिढ्यान्‌पिढ्या टिकून आहेत. इतिहासकार या संबंधांचे तीन कालखंड मानतात: अबोल्याचा, गोळीबाराचा आणि चर्चेचा. (चर्चेच्या काळातही अबोलाच असतो, पण बिस्किटे मिळतात.) मी राजशिष्टाचार खात्यात लागलो तो चर्चेच्या कालखंडात, त्यामुळे माझी प्रकृती तशी चांगली राहिली.

चर्चेसाठी सरहद्दीवर एक खोली बांधलेली आहे. टेबलाच्या मधोमध पांढरा पट्टा. अलीकडे आमचा देश, पलीकडे त्यांचा. पंखा एकच आहे. त्याची पाती दर फेरीला परदेशात जाऊन येतात, आणि दोन्ही सरकारांनी मोठ्या मनाने त्याकडे काणाडोळा केलेला आहे. या खोलीत एके सकाळी आमचे उपसचिव आणि त्यांचे उपसचिव यांनी टेकडीविषयी काहीही न ठरल्याच्या संयुक्त पत्रकावर सह्या केल्या आणि रिवाजाप्रमाणे छायाचित्रासाठी हात मिळवले. छायाचित्रकाराने छायाचित्र काढले. मग कॅमेरा पिशवीत घातला. मग तो घरी गेला. हात तसेच होते.

कारण साधे होते. आमच्या नियमपुस्तिकेत स्पष्ट म्हटले होते, 'आपल्या प्रतिनिधीने समोरच्याच्या आधी हात सोडू नये. सोडल्यास टेकडी सोडली असे समजण्यात येईल.' नियम उत्तम होता. इतका उत्तम, की पलीकडच्यांच्या पुस्तिकेतही तो शब्दशः होता. दोन्ही पुस्तिका एकाच निवृत्त सल्लागाराने लिहिल्या होत्या. (दोन्हीकडून त्याचा सत्कार झाला. आता तो हवापालटासाठी तिसऱ्याच देशात राहतो.)

समोरचा आता सोडेल, मग सोडेल, असे करता करता आठवडा उलटला, तेव्हा रीतसर व्यवस्था लावणे भाग पडले. माझी हस्तनिरीक्षक म्हणून नेमणूक झाली. हातांवरून नजर हटवायची नाही, एवढाच हुकूम. समोर त्यांचाही एक निरीक्षक बसे. शिंप्याने दोघा उपसचिवांना उजव्या बाहीला खांद्यापासून मनगटापर्यंत बटणे असलेले सदरे शिवून दिले, म्हणजे हात न सोडता कपडे बदलता यावेत. (ही फॅशन पुढे दोन्हीकडच्या तरुणांनी उचलली आणि पलीकडच्यांनी ती चोरल्याचा आरोप दोन्हीकडून झाला.) दोघे डाव्या हाताने जेवायला शिकले, डाव्या हाताने दाढी करायला शिकले, पहिल्या महिन्यात रक्तपात झाला तो एवढाच. रात्रीसाठी पांढऱ्या पट्ट्याला लागून दोन पलंग टाकले. त्यांच्या उपसचिवांच्या घोरण्याचा आम्ही तीव्र शब्दांत निषेध केला. घोरणे हा आपला अंतर्गत प्रश्न असल्याचे त्यांनी कळवले. न्हाणीघराची व्यवस्था उभयपक्षी गोपनीय आहे.

मध्यंतरी विरोधकांनी संसदेत विचारले, की त्या तळहातांमध्ये जो घाम आहे तो कोणाचा? प्रश्न बोचरा होता; घाम फुटणे म्हणजे घाबरणे. घामाचा नमुना प्रयोगशाळेत गेला. त्यापैकी साठ टक्के घाम त्यांचा निघाला. त्यांच्या प्रयोगशाळेत साठ टक्के आमचा निघाला. अशा रीतीने एकूण एकशेवीस टक्के घाम गाळूनही टेकडी जागची हलली नाही.

तरीही हा काळ अत्यंत यशस्वी मानावा लागेल. या काळात दोन्ही देशांनी आपापले राजदूत परत बोलावले, व्यापार बंद केला, एकमेकांच्या हवामानाचे अंदाज अमान्य केले आणि टेकडीवर तोफाही डागल्या. हस्तांदोलन मात्र अखंड चालू राहिले, कारण ते थांबवणे हा कमकुवतपणा ठरला असता. वर्तमानपत्रांत 'संबंध उबदार' असे छापून येई. (त्यात खोटे काही नव्हते. तळहाताचे तापमान मीच कळवत असे.)

काळजीची बाब निराळीच होती. दोघे आधी एकमेकांना 'आपण' म्हणत. मग 'तुम्ही' म्हणू लागले. एका दुपारी आमचे उपसचिव म्हणाले, "अरे, जरा पाठ खाजव ना, हात पोचत नाहीये." आणि पलीकडच्यांनी खाजवली. मी ताबडतोब वर कळवले. दोन राष्ट्रांमध्ये अरेतुरे सुरू व्हायला मंत्रिमंडळाची मंजुरी लागते, आणि पाठीचा तर कुठल्याच करारात उल्लेख नव्हता.

अशातच आमच्या उपसचिवांच्या मुलीचे लग्न ठरले. एकुलती एक मुलगी. बापाला यायला सोपे जावे म्हणून तिने हट्टाने सरहद्दीजवळचाच हॉल घ्यायला लावला. उपसचिवांनी रजेचा अर्ज केला. मंत्रालयाने माणुसकी दाखवून लगेच उत्तर दिले: 'रजा मंजूर. हात मंजूर नाही.' शिवाय वधूपित्याच्या जागी उभे राहायला एका सहसचिवांची नेमणूकही केली. हुद्द्याने ते वधूपित्यापेक्षा वरचे असल्यामुळे मुलीकडच्यांना तक्रारीला जागा नव्हती.

तरी तक्रार आली. उपसचिवांच्या पत्नी स्वतः खोलीत येऊन उभ्या राहिल्या.

"अहो, पुरे झालं. सोडा तो हात."

"अगं, देशाचा प्रश्न आहे."

"देशाला छप्पन्न उपसचिव मिळतील. पोरीला दुसरा बाप कुठून आणू?"

"सहसचिव येणार आहेत ना…"

"त्यांना हॉलच्या पायरीवर उभं करीन, चपला सांभाळायला!" मग त्या पलीकडच्यांकडे वळल्या. "भाऊजी, तुम्ही तरी शहाण्यासारखे वागा. सोडा."

"वहिनी, मी आत्ता सोडीन हो," पलीकडचे कळवळून म्हणाले, "पण मग आमच्याकडे मला कोणी दारात उभं करणार नाही. आई तर पहिली फटकावेल."

(भाऊजी आणि वहिनी ही नाती कोणाच्या परवानगीने जोडली, याचा खुलासा मी तिथल्या तिथे मागितला. बाईंनी माझ्याकडे असे पाहिले, की तो मी मागे घेतला.)

त्या निघून गेल्यावर आमच्या उपसचिवांचे डोळे भरून आले. ते पुसायला त्यांनी सवयीने उजवा हात उचलला. तो एकटा थोडाच येणार? गालावरचे पाणी पुसले ते पलीकडच्यांच्या बोटांनी. मला फार वाईट वाटले. पण हस्तनिरीक्षकाने वाटण्याबद्दल काय करावे, याची तरतूद पुस्तिकेत नव्हती.

मग दोघांनी एकदमच हात सोडावेत, असा तोडगा निघाला. एक, दोन, तीन म्हणायचे आणि सोडायचे. हे आकडे म्हणणार कोण, यावर परिषद भरली. आम्ही आमचा माणूस सुचवला, त्यांनी त्यांचा. शेवटी एका तटस्थ देशातून शिट्टी वाजवणारा पंच आणायचे ठरले. पण शिट्टी वाजू लागताच सोडायचे की वाजून संपल्यावर, यावर पुन्हा घोडे अडले. रंगीत तालमीत शिट्टी वाजली तेव्हा समोरचा सोडतो का ते पाहण्यासाठी दोघेही किंचित थांबले. पंच दमेपर्यंत शिट्टी वाजवत राहिला आणि मग मायदेशी निघून गेला. लग्न दुसऱ्याच दिवशी होते.

त्या सकाळी शिपाई चहा घेऊन आला, तो खोली रिकामी.

पुढचा इतिहास सर्वांना ठाऊक आहे. आमच्या चौकशी समितीने एकमताने निष्कर्ष काढला, की आधी त्यांनी हात सोडला. त्यांच्या समितीने तितक्याच एकमताने काढला, की आम्ही. दोन्ही राजधान्यांत विजयोत्सव झाला, शाळांना सुट्टी मिळाली. मग पलीकडेही उत्सव चालल्याचे समजले आणि संबंध कायमचे तुटले. समितीने मलाही बोलावले होते. "आधी कोणी सोडला? आपण की त्यांनी?" एवढेच विचारले. मी म्हणालो, "कोणीच नाही." असे उत्तर विचारलेल्या दोन्हींत बसत नसल्यामुळे माझी साक्ष रद्द झाली आणि मला मुदतीआधी निवृत्त केले.

तेव्हापासून जो भेटतो तो हेच विचारतो. न्हावी अर्धी दाढी थांबवून विचारतो. डॉक्टर 'आ करा' म्हणतात आणि मग विचारतात. व्याही विचारतात, भाडेकरू विचारतो. आणि तुम्हीही शिपायाने दार उघडल्यापासून तेवढ्यासाठीच भराभर वाचत आला आहात: साहेब, खरं सांगा, आधी कोणी सोडला?

पोरीचं लग्न लागलं का, हे कोणी विचारत नाही.

लागले. दोघे मागच्या दाराने बाहेर पडले. त्या दाराला कधीच पहारा नव्हता, कारण सगळ्यांचे लक्ष हातांकडे. माझा हुकूम हातांवरून नजर न हटवण्याचा होता. हात चालू लागले, म्हणून मीही मागोमाग गेलो. त्यांचा निरीक्षकही आला. वाटेत आम्ही पहिल्यांदा एकमेकांशी बोललो. त्यालाही तोंडी लावायला बिस्किटांपलीकडे काही मिळत नव्हते म्हणे. हॉलमध्ये बापाने मुलीच्या डोक्यावर हात ठेवला, तेव्हा पलीकडच्यांचाही आपसूक ठेवला गेला. मुलगी हसत म्हणाली, "बाबा, जड होतंय." आणि मग तिघेही रडले. आम्ही निरीक्षकही रडलो, पण नजर न हटवता.

पुढे पंगतीत गरमागरम वाढले, आणि हात सुटले.

हो, आधी एकाचा सुटला. मी पाहिले आहे. त्यांच्या निरीक्षकानेही पाहिले आहे. आम्ही दोघे महिन्यातून एकदा चहाला भेटतो आणि त्या विषयावर एक अक्षर बोलत नाही.

मुलगी सुखात आहे. नाही, तुम्ही विचारले नव्हते. मीच आपला सांगतोय.