कोमाद्रेच्या टर्क्या

डॉन फिलेमोन रंगाच्या डब्यात निळ्याचा एकच थेंब टाकणार होता, तेवढ्यात त्याच्या खिशातला फोन ओरडला, "गुलूगुलूगुलू!" हात हलला, थेंबाच्या जागी धार पडली आणि औषधांच्या दुकानवाल्या बाईंच्या भिंतीसाठी बनत असलेला नाजूक पिस्ता रंग पार हाताबाहेर गेला.

"पुन्हा आली वाटतं?" बाईंनी डब्यात वाकून बघत विचारलं.

"आली," फिलेमोन म्हणाला आणि फोन हात लांब करून धरला. त्याच्या चष्म्यावर मागे एकदा वार्निश सांडलं होतं, तेव्हापासून तो जग अंदाजानेच बघत होता. पडद्यावर एक टर्की पिसारा फुलवून नाचत होती. वरची ओळ त्याला न वाचताही पाठ झाली होती. 'एउस्तोलियाने तुम्हाला एक टर्की पाठवली आहे.' कोपऱ्यात एक फुली होती, पण ती इतकी बारीक की फिलेमोनच्या जाड अंगठ्याला ती आजवर सापडली नव्हती. खाली मात्र भलंमोठं हिरवं बटण होतं. ते दाबलं की टर्की गप्प बसायची. फिलेमोनने ते दाबलं.

"संपलं," तो म्हणाला.

"दुपारीही हेच म्हणाला होतात," बाई म्हणाल्या. "आणि हा रंग मी घेणार नाही हं."

फेसबुकवरच्या त्या खेळाचं नाव होतं 'माझं गोजिरं शेत'. त्यात शेत आपोआप पिकतं, कोंबड्या न खाता अंडी देतात आणि लोक एकमेकांना जनावरं पाठवतात. दुसऱ्या कुणी पाठवली असती तर फिलेमोनने फोनवरून चार शिव्या हासडल्या असत्या. पण एउस्तोलिया त्याची कोमाद्रे, म्हणजे मुलीची धर्ममाता होती, आणि तो तिचा कोम्पाद्रे. त्याच्या मुलीला, सेनाइदाला, बाप्तिस्म्याच्या वेळी तिनेच हातात धरलं होतं. आमच्या सान मेल्चोरमध्ये सख्ख्या बहिणीशी भांडता येतं, कोमाद्रेशी नाही.

त्यात सेनाइदाचं लग्न तोंडावर आलेलं. लग्नात काळं मोले, म्हणजे मिरच्यांच्या दाट रश्शातली टर्की, लागतं, आणि साऱ्या गावाला पुरेल एवढं मोले एउस्तोलियाशिवाय कुणाला जमत नाही. मिरच्या किती काळ्या होईपर्यंत भाजायच्या, चॉकलेट कधी घालायचं, हे तिच्या हाताला कळतं. मोठी मडकी तिची, ढवळणाऱ्या बायकाही तिच्याच शब्दावर येणाऱ्या. फिलेमोन आणि त्याची बायको हर्मेलिंदा रीतीप्रमाणे अंड्याचे पाव, चॉकलेट आणि मेस्कलची दारू घेऊन तिच्याकडे गेले होते, तिने टोपली ठेवून घेतली होती, म्हणजे शब्द दिला होता. आता अशा बाईला 'तुमच्या टर्क्या आवरा' असं सांगायचं कुणी?

रविवारी मात्र हद्द झाली. चर्चमध्ये पाद्रींनी दोन्ही हात वर उचलले, सगळं गाव गुडघ्यावर, आणि फिलेमोनच्या खिशातून टर्की ओरडली. पाद्री थांबले. तेवढ्यात चर्चच्या मागच्या अंगणातल्या खऱ्या टर्कीने तिला उत्तर दिलं. मग खिशातली पुन्हा बोलली. हर्मेलिंदाने नवऱ्याला असा चिमटा काढला की त्याची प्रार्थना वेगळ्याच स्वरात पूर्ण झाली.

"आजच्या आज हे बंद कर," बाहेर पडताच ती म्हणाली. "नाहीतर तो फोन मी मडक्यात घालून शिजवते."

"आणि कोमाद्रेला कळलं तर?"

"तिला कळू न देता बंद कर. अबुंदिओला विचार."

अबुंदिओ हा हर्मेलिंदाचा धाकटा भाऊ. बाजाराच्या कोपऱ्यावर तो फोन आणि फोनची कव्हरं विकतो, त्यामुळे फोनच्या आतलंही आपल्याला कळतं असा त्याचा ठाम समज आहे.

"एवढंच ना, दाजी?" अबुंदिओने फोन हातात घेतला. "ही गोष्ट माझ्या डाव्या हातचा मळ आहे. सेटिंगमध्ये जायचं, नको असलेलं शोधायचं आणि ब्लॉक करायचं."

"पण कोमाद्रेला कळणार नाही ना?"

"कसं कळेल? आपण खेळाला ब्लॉक करतोय, तिला थोडीच? हे बघा. झालं."

आणि खरंच झालं. सोमवार शांततेत गेला. मंगळवारी फिलेमोनने इतका सुंदर पिस्ता रंग बनवला की औषधवाल्या बाईंनी दोन डबे नेले. तो शीळ घालत खिळे तोलत होता. त्याला मेहुण्याचा प्रथमच अभिमान वाटला.

बुधवारी सकाळी एउस्तोलियाची भाची दुकानात आली. तिने काउंटरवर टोपली ठेवली आणि आली तशी निघून गेली. टोपलीत अंड्याचे पाव होते, चॉकलेट होतं, मेस्कलची बाटली होती. जे पाव खाऊन झाले असतील त्यांच्या जागी ताजे ठेवलेले होते, आणि बाटलीही गळ्यापर्यंत भरून दिली होती.

हर्मेलिंदाने टोपली बघितली आणि ती खिळ्यांच्या पोत्यावरच बसली.

"टोपली परत आली," ती म्हणाली. "फिलेमोन, आपल्या लग्नातून मोले गेलं. काय केलंस तू?"

"मी? मी काहीसुद्धा केलं नाही. अबुंदिओने खेळ ब्लॉक केला."

अबुंदिओला बोलावणं गेलं. त्याने फोन वरखाली केला, डोकं खाजवलं, आणि त्याचा आवाज एकदम बारीक झाला. "दाजी, खेळ आहे जागच्या जागी. कोमाद्रे ब्लॉक झालीय."

सेनाइदा लग्नाचा पोशाख अर्धवट घालून मागच्या दारात उभी होती. एक बाही शिवायची राहिली होती. "पपा," ती म्हणाली, "सगळं गाव जेवायला येणारेय. त्यांना काय वाढायचं? पिस्ता रंग?" एवढं बोलून तिने तोंड फिरवलं. पोरगी रडत होती. तिच्या लग्नाची स्वप्नं तिच्यापेक्षा फिलेमोननेच जास्त बघितली होती.

"आत्ताच्या आत्ता काढ तिला बाहेर!" तो अबुंदिओवर ओरडला.

"काढतो, काढतो. हे बघा, काढलं. आता तिला वाईट वाटू नये म्हणून आपल्याकडून एक टर्की पाठवू. प्रेमाची. इथे विचारतोय, कुणाला पाठवायची…" अबुंदिओने अंगठा टेकवला आणि तसाच ठेवला. "अरे देवा."

"आता काय?"

"सगळ्यांना गेली."

"सगळ्यांना म्हणजे?"

"दाजी, तुमच्या ओळखीचं कोण कोण आहे?"

फिलेमोनचं गावातलं एकमेव हार्डवेअरचं दुकान. त्याच्या ओळखीचं नाही असं गावात कोण होतं? पाद्रींनाही टर्की गेली.

आता आमच्याकडची गेलागेत्सा ही काय चीज आहे ते बाहेरच्याला सांगून पटत नाही. तुमच्या घरी कार्य निघालं की मी टर्की आणून देतो, माझ्याकडे निघालं की तुम्ही तशीच टर्की परत करता. घेतलेलं परत न करणारा माणूसही इथे राहू शकतो, फक्त त्याला कुणी नमस्कार घालत नाही. आणि फिलेमोनच्या घरी तर कार्य होतंच.

सगळ्यात आधी म्हातारे डॉन क्रिस्पीन आले. काखेत जिवंत टर्की, तिचे पाय सुतळीने बांधलेले.

"नात म्हणाली, तुमच्याकडून टर्की आलीय," ते म्हणाले. "मी सगळं अंगण शोधलं, दिसली नाही कुठे. पण लग्नघराशी वाद कशाला घालायचा? ही घ्या परत."

"डॉन क्रिस्पीन, ती फोनमधली होती!"

"असेल. आजकाल काय कशातून येईल सांगता येत नाही. पाणी पाजा तिला, उन्हातून आणलीय."

त्यांच्यामागे विणकर आला, मग बेकरीवाला, मग त्याच्या भावाची विधवा. जे तरुण होते त्यांनी फोनवरून परत केली, त्यामुळे खिशात गुलूगुलू आणि अंगणातही गुलूगुलू. संध्याकाळपर्यंत एक टर्की रंगाच्या डब्यात पाय घालून दुकानभर पिस्त्याचे ठसे उमटवत फिरत होती. चर्चचा घंटावाला तर उलटच विचारायला आला की त्याची टर्की कधी मिळणार, कारण त्याच्या फोनवर आली ती हलत नव्हती.

"जेवणापुरत्या टर्क्या जमल्या की!" अबुंदिओ उत्साहाने म्हणाला.

"हो ना," हर्मेलिंदा म्हणाली. "आता त्यांना वऱ्हाडात नाचवू. मोले कोण करणार, तुझं कव्हरांचं दुकान?"

फिलेमोनने अंगणाकडे पाहिलं. मग आत जाऊन कडक कॉलरचा सदरा चढवला. "टोपली उचल," तो बायकोला म्हणाला. "आणि अंगणातली सगळ्यात जाड टर्की, ती अबुंदिओच्या हातात दे."

एउस्तोलियाने दार उघडलं. अंगापिंडाने भक्कम बाई, डोक्याला शाल गुंडाळलेली. तिने तिघांकडे पाहिलं, टर्कीकडे जरा जास्त वेळ पाहिलं.

"या, कोम्पाद्रे. बसा. मला ब्लॉक करणाऱ्यांनाही आमच्याकडे खुर्ची मिळते."

फिलेमोन बसला नाही. देव्हाऱ्यासमोर उभा राहिला आणि टोपी हातात घेतली. "कोमाद्रे, मी खोटं बोलणार नाही. तुम्हाला ब्लॉक करायचं मनातही नव्हतं, त्या खेळाला करायचं होतं. तुमच्या टर्क्यांनी माझं डोकं फिरायची वेळ आली होती. दुकानात टर्की, जेवताना टर्की, चर्चमध्ये टर्की. मला माफ करा, पण नाही सहन झालं."

"माझ्या टर्क्यांनी?" एउस्तोलिया म्हणाली. "आणि तुमच्या?"

"माझ्या?"

"तव्यावर मक्याची तोर्तिया टाकली की तुमची टर्की. अंघोळीला गेले की तुमची टर्की. नवऱ्याच्या नावाने मेणबत्ती लावतेय, तर तुमची टर्की! किती तोर्तिया करपल्या माझ्या! पण आलेली टर्की परत न करायला मी काय शहरातून आलेय? देत गेले बापडी. मनाशी म्हटलं, कोम्पाद्रेला या वयात नाद लागलाय, दिवसभर खिळ्यांशी बोलत बसतात, करमत नसेल."

"कोमाद्रे, सेनाइदाच्या शपथेवर सांगतो, मी एकसुद्धा पाठवली नाही!"

"म्हणजे मी खोटं बोलतेय?"

तेवढ्यात फिलेमोनच्या खिशातून आवाज आला, "गुलूगुलूगुलू!" सवयीने त्याचा अंगठा हिरव्या बटणाकडे निघाला.

"थांब," हर्मेलिंदा म्हणाली. तिने फोन काढून घेतला, स्वतःचा चष्मा नाकावर चढवला आणि बटणावरची अक्षरं मोठ्याने वाचली. "'आभार! मीही एक पाठवतो.'"

अबुंदिओच्या हातातली टर्कीसुद्धा मान वाकडी करून फोनकडे बघायला लागली.

"हे तू रोज दाबत होतास?" हर्मेलिंदाने विचारलं.

"ती गप्प बसायची," फिलेमोन म्हणाला.

आधी एउस्तोलियाचे खांदे हलले, मग शाल हलली, आणि मग ती अशी हसली की शेजारचं कुत्रं भुंकायला लागलं. फिलेमोनला हसावं की रडावं कळेना, म्हणून त्याने दोन्ही केलं.

"पण मग पहिली कुणी पाठवली?" डोळे पुसत एउस्तोलियाने विचारलं. "हा खेळ माझ्या फोनमध्ये आला कुठून?"

सगळ्यांनी अबुंदिओकडे पाहिलं. तो छताकडे बघत होता.

"फोन विकताना टाकून देतो मी," तो म्हणाला. "आणि शेतात ओळखीच्या कुणाच्या तरी नावाने एकेक टर्की सोडतो. रिकामं शेत द्यायला बरं वाटत नाही."

"ढवळायला माणूस कमी पडत होताच," एउस्तोलिया म्हणाली. "हा येईल. मोठ्या मडक्यावर." तिने टोपली आत नेली. बाहेर येऊन तिने अबुंदिओच्या काखेतली टर्कीही घेतली. "आणि तुम्ही ब्लॉक केलंत तेव्हा माझी शेवटची टर्की परत यायची राहिली होती ना, ही तिची परतफेड. आता तुम्ही मोकळे, मी मोकळी. तो खेळ दोघांच्या फोनमधून काढून टाका. तुम्ही नाही, कोम्पाद्रे. हर्मेलिंदा काढेल."

लग्न झालं. मोले असं झालं की डॉन क्रिस्पीन पातळ तोर्तियाने ताट पुसून मग बोटही चाटत होते, आणि आपली टर्की चवीवरून ओळखली असं साऱ्यांना सांगत होते. अबुंदिओचा चेहरा मिरच्यांच्या धुराने मोलेच्याच रंगाचा झाला होता. सेनाइदा नाचली, रडली, पुन्हा नाचली. फिलेमोन कोमाद्रेबरोबर नाचला आणि तिच्या पायावर पाय दिला, तेही तिने चालवून घेतलं.

मग दुकानात शांतता झाली. नवा चष्मा आला. फिलेमोन निळ्याचा थेंब अचूक टाकू लागला. पण थेंब टाकायच्या आधी तो जरा थांबायचा आणि खिशाकडे बघायचा. पोरगी सासरी गेलेली, फोन गप्प. त्याला चक्क चुकल्याचुकल्यासारखं व्हायला लागलं.

अशाच एका सकाळी तो डबा ढवळत होता आणि आवाज आला, "गुलूगुलूगुलू!"

त्याचा हात झटकन खिशात गेला. फोन काळाठिक्कर होता. आवाज पुन्हा आला, दारातून. एउस्तोलियाची भाची उभी होती आणि तिच्या हातातल्या सुतळीला एक जिवंत टर्की बांधलेली होती. लग्नातल्या त्या जाड टर्कीपेक्षाही जाड.

"मावशीने पाठवलीय," भाची म्हणाली. "म्हणाली, फोनमधली टर्की दाणे खात नव्हती, तुम्ही दिलेली खाते. हिशेब चुकला. फुकटची खरी टर्की ठेवून घेतली तर तिला झोप येणार नाही. ही परत."

"पण ही तर त्याहून मोठी आहे!" फिलेमोन म्हणाला. "आता मला परत द्यावी लागेल!"

"ते मावशी म्हणालीच," भाची म्हणाली, सुतळी त्याच्या हातात देऊन निघाली.

फिलेमोनने नवा चष्मा नीट बसवला आणि टर्कीला शेपटीपासून चोचीपर्यंत न्याहाळलं. तिच्यावर बारीक फुलीही नव्हती आणि हिरवं बटणही नव्हतं. मग तो मोठ्याने हसला आणि आतल्या बाजूला तोंड करून ओरडला, "हर्मेलिंदा! पाणी आण. आणि बाजारात विचारून ये, हिच्याहून जाड टर्की कुणाकडे आहे!"